साडूभाऊंचे डोंगल

एखादी वस्तू कायमची बंद पडली, हे आमच्या साडूभाऊंनी उभ्या आयुष्यात कधी मान्य केलेलं नाही. वस्तू दमते, रुसते, तिच्या कलानं कुणी घेत नाही म्हणून अडून बसते. पण ती संपत नाही, असं त्यांचं मत आहे, आणि त्यांचं मत बदलल्याचं आमच्या सासरच्या गोतावळ्यात कुणाच्या ऐकिवात नाही. त्यांच्या पुंडलिकनगरच्या घरात एक टेबलफॅन आहे. तो फक्त डावीकडे बघतो, उजवीकडे वळायचं त्यानं केव्हाच सोडलं. साडूभाऊंनी पंखा बदलला नाही, दिवाण डावीकडे सरकवला. मिक्सर चालू करताना त्याला एका ठराविक जागी थाप मारावी लागते आणि ती जागा मोठ्या ताईंशिवाय कुणाच्या हाताला सापडत नाही. त्यामुळे ताई कुठं लग्नाकार्याला गेल्या की त्या घरात चटणी होत नाही.

मोठ्या ताई म्हणजे माझ्या बायकोची थोरली बहीण, आणि हे त्यांचे यजमान. वयानं माझ्याहून बरेच मोठे. तरी मी त्यांना साडूभाऊ म्हणतो आणि तेही मला साडूभाऊच म्हणतात. फोनवर "बोला साडूभाऊ" असं दोन्हीकडून झालं की ताई कुकरखालचा गॅस बारीक करतात, कारण आता जेवणाची घाई उरलेली नसते. साडूभाऊ सरकारी कचेरीत नकाशे काढायच्या कामावर होते. कालवे, चाऱ्या, बंधारे, सगळं त्यांनी कागदावर शाईनं ओढलेलं. पुढं ते काम कॉम्प्युटरवर गेलं, तेव्हा बाकीचे कुरकुरले, पण साडूभाऊ त्या यंत्राच्या प्रेमात पडले. ते प्रेम रिटायर झाल्यावर पूर्ण मोकळं सुटलं, आणि तिथून माझे दिवस फिरले.

माझं सांगायचं तर मी वाळूजच्या एका कारखान्यात कॉम्प्युटर विभागात आहे. दिवसभर लोकांना "बंद करून परत चालू केला का?" हे विचारणं, हा माझ्या नोकरीचा गाभा. संध्याकाळी सिडकोतल्या घरी पोचतो तेव्हा माझ्या अंगात कुणाला काहीही विचारायचं त्राण नसतं. रविवारी कॉम्प्युटरचं तोंड बघायचं नाही, एवढीच माझी या आयुष्याकडून अपेक्षा होती. साडूभाऊंनी ती पुरी होऊ दिली नाही.

त्यांचा जीव जडला तो डोंगलवर. ज्या कॉम्प्युटरला आतून वायफाय नसतं, त्याच्या यूएसबीच्या खाचेत अंगठ्याएवढी एक कांडी खोचतात, ती म्हणजे वायफायचा डोंगल. आता नव्या मशीनला ते आतच असतं, त्यामुळे जुने डोंगल लोकांच्या ड्रॉवरमध्ये सुट्या किल्ल्या आणि वाळलेल्या पेनांबरोबर पडून असतात. साडूभाऊ ते मागून आणतात. कुणाकडे चहाला गेले की कप खाली ठेवताना विचारतात, "तुमच्याकडं एखादा जुना डोंगल असंल ना?" गंगापूरला आमच्या एका लांबच्या मेव्हण्याच्या मुलीचं लग्न होतं. पंगती उठल्या, वरात निघायची वेळ झाली, पण साडूभाऊंचा पत्ता नाही. शेवटी ते मंगल कार्यालयासमोरच्या बंद पडलेल्या सायबर कॅफेत सापडले. दुकानदाराला त्यांनी झोपेतून उठवलं होतं आणि दोघं मिळून एक खोकं उपसत होते. लग्नाच्या फोटोत साडूभाऊ नाहीत. पण परतीच्या गाडीत त्यांच्या खिशात चार डोंगल होते, आणि नवरीच्या बापाहून त्यांच्याच चेहऱ्यावर समाधान जास्त होतं.

हा सगळा संग्रह चकलीच्या स्टीलच्या डब्यात राहतो. दिवाळीत ताई डबा मागतात, साडूभाऊ नाही म्हणतात, आणि चकल्या प्लॅस्टिकच्या बरणीत जाऊन नरम पडतात. "आमच्या घरात फराळाला जागा नाय, पण ह्यांच्या कांड्यांना हाय," असं ताई दरवर्षी म्हणतात. त्यात राग नसतो. राग यायलाही थोडा दम लागतो, आणि तो ताईंनी मिक्सरसाठी राखून ठेवलेला आहे.

डोंगलांना त्यांनी नावं दिली होती. अँटेना असलेला तो शिंगवाला. एकाचं टोक तुटलेलं, तो बोटका. दोन अगदी सारखे दिसणारे होते, एकाच कंपनीचे, एकाच रंगाचे. पण आतली चिप निराळी, त्यामुळे एक चालायचा आणि दुसरा नाही. त्यांना ते सावत्र भाऊ म्हणत. आणि एक होता खोटारडा. हा खाचेत घातला की कॉम्प्युटरला सांगायचा, मी सीडी आहे. म्हणजे पूर्वीच्या काळी त्याच्या पोटातच त्याचा प्रोग्रॅम भरून देत, तो आधी उतरवून घ्यायचा आणि मग त्यानं वायफाय व्हायचं, अशी ती सोय होती. नव्या सिस्टीमला हे ठाऊक नसायचं. ती बिचारी सीडी समजून बसून राहायची. "साडूभाऊ, हा कबूलच करत नाय," ते मला फोनवर सांगत. मग त्याला कबूल करायला लावणारी आज्ञा मी फोनवरून एकेक अक्षर करून सांगायची, आणि साडूभाऊंनी ती एका बोटानं टाईप करायची. "मधी जागा सोडू का?" "सोडा." "किती?" असा आमचा संवाद चाले. बायको म्हणायची, कुणाला पोथी सांगताय का?

खरी अडचण अशी की जुनी सिस्टीम कालबाह्य झाली, तिच्यावर व्हिडिओ कॉल चालेना, म्हणून नवी घालावी लागते. नवी फुकट मिळते, चांगली आहे, पण तिला हे जुने डोंगल ओळखू येत नाहीत. ओळख करून देणारा छोटा प्रोग्रॅम असतो, त्याला ड्रायव्हर म्हणतात. तो कुठून तरी शोधून आणायचा, त्या मशीनवर नीट बसवायचा, आणि बसला म्हणून सुस्कारा सोडावा तर सिस्टीम अपडेट होते आणि पुन्हा सगळी ओळख विसरते. हे सगळं मला कामावर परकं नाही. म्हणूनच मी त्यांना पहिल्या दिवसापासून सांगत होतो की नवीन डोंगल घ्या, मीच आणून देतो.

"पण हा चालू हाय ना," ते म्हणायचे.

"कुठं चालू आहे? तुम्ही सकाळपासून बसलात."

"आत्ता नाय. पण होतो ना चालू."

एकदा दोन्ही कुटुंबं वेरूळला गेलो होतो. घृष्णेश्वराच्या रांगेत, चपला बाहेर, फोन बाहेर, म्हटलं इथं तरी सुटका आहे. तर साडूभाऊ मागून माझ्या खांद्याला टेकून सांगायला लागले की नवी सिस्टीम सहीशिवाय ड्रायव्हर आत घेत नाही, आणि ती सही आपणच करायची असते, हे बरोबर आहे का? गाभाऱ्यात पोचेपर्यंत आमचं सहीवर चाललं होतं. पुढं उभ्या असलेल्या एका बाईंनी मागं वळून विचारलं, जमिनीची भानगड आहे का? मी हो म्हणालो. तेवढंच लवकर संपलं.

साडूभाऊंचा आणखी एक स्वभाव इथं सांगायला हवा. काम नसताना ते कुणाच्या घरी जात नाहीत. नुसतं भेटायला, बसायला, गप्पा मारायला म्हणून जाणं त्यांना जमतच नाही. "जाऊन काय सांगायचं त्यान्ला, कशाला आलो म्हनून?" हा त्यांचा प्रश्न असतो. हातात पिशवी, पिशवीत पकड किंवा स्क्रू ड्रायव्हर, असं काही असलं तर ते शहराच्या या टोकाहून त्या टोकाला जातील. रिकाम्या हातानं शेजारच्या दारीही उभे राहणार नाहीत. सख्ख्या बहिणीकडे राखीला जातानाही नळाचा वायसर घेऊन जातात.

आणि या सगळ्या डोंगलांचं मूळ होतं खानसाहेब. खानसाहेब त्यांच्याच कचेरीतले, त्यांच्याच शेजारच्या टेबलावरचे. एकानं नकाशा काढायचा आणि दुसऱ्यानं त्यावर अक्षरं घालायची. खानसाहेबांचं अक्षर मोत्यासारखं, मराठीही आणि उर्दूही. नोकरीभर दोघं एका डब्यात जेवले. पुढं खानसाहेबांची बायको गेली, मुलगी लग्न होऊन नांदेडला गेली, आणि ते रोशनगेटजवळच्या आपल्या दुसऱ्या मजल्यावरच्या खोल्यांत एकटे राहिले. खाली पुतण्याचं कापडाचं दुकान होतं, जेवण तिकडून वर यायचं. गुडघे गेले होते. जिना उतरायचा म्हणजे दोन माणसं लागायची, म्हणून ते उतरतच नव्हते. मोबाईलवर त्यांना नीट ऐकू यायचं नाही आणि हात कापायचा. तेव्हा साडूभाऊंनी स्वतःचा जुना कॉम्प्युटर त्यांच्याकडे नेऊन मांडला, मोठा पडदा, कानावर मोठे हेडफोन, आणि दुकानातलं वायफाय वर ओढायला शिंगवाला डोंगल. त्या दिवसापासून रोज दुपारी चार वाजता दोघं एकमेकांसमोर बसायला लागले, हे पुंडलिकनगरात आणि ते रोशनगेटला.

मी एकदा ते संभाषण पूर्ण ऐकलं आहे. पडद्यावर खानसाहेब म्हणजे पांढऱ्या धुक्यात एक टोपी, एवढंच दिसत होतं.

"आवाज येतोय का?"

"आ री. मेरी आ री क्या?"

"तुमचा तुटतोय."

"तुम्हारीच टूट री."

मग साडूभाऊ खुर्ची सरकवायचे, खानसाहेबांना डोंगल जरा खिडकीकडे करायला सांगायचे, चित्र थिजायचं, पुन्हा हलायचं. कधीतरी मध्येच आवाज स्वच्छ व्हायचा, तेवढ्यात कुण्या जुन्या साहेबाला दोघं मिळून शिव्या घालायचे, आणि परत "आवाज येतोय का?" तास असाच जायचा. कॉल बंद करून उठताना साडूभाऊ ताईंना म्हणायचे, "आज लई गप्पा झाल्या."

पण दर थोड्या दिवसांनी खानसाहेबांचं मशीन अपडेट व्हायचं आणि शिंगवाला अनोळखी होऊन बसायचा. चार वाजायचे, पडदा काळा. साडूभाऊंचा मला फोन. आणि त्या रविवारी मी त्यांना स्कूटरवर मागं बसवून, पिशवीसकट, रोशनगेटला न्यायचं, हा नेम ठरून गेला. मी चिडत नव्हतो. चिडण्याच्या पलीकडचा एक थकवा असतो, त्यात माणूस शहाण्यासारखा दिसतो.

अशाच एका रविवारी मी ठरवलं की आज हे प्रकरण मिटवायचं. बाजारातून एक कोरा, नवा डोंगल आणला आणि साडूभाऊंना न सांगता खिशात ठेवला. वर गेलो. खानसाहेब दारातच खुर्ची टाकून बसले होते, इस्त्रीचा कुर्ता, दाढी विंचरलेली. आम्ही यायचो तेव्हा ते नेहमी असेच तयार असत, हे माझ्या लक्षात आलं नव्हतं.

"आओ देशमुख. फिर बिगड गया देखो," ते म्हणाले. साडूभाऊंना ते आडनावानंच हाक मारत.

"तुम्ही काय दाबलं का?"

"मैं कायकू दाबूंगा?"

साडूभाऊ टेबलाखाली शिरले. त्यांनी बोटका लावून बघितला, सावत्र भाऊ लावून बघितले, खोटारड्याला कबूल करायला लावलं. काही होईना. मी मोठ्या थाटात खिशातला नवा काढून खाचेत घातला. सिस्टीमनं त्याच्याकडे ढुंकून पाहिलं नाही. तो इतका नवा होता की त्याची ओळख अजून कुणी लिहिलीच नव्हती. साडूभाऊंनी टेबलाखालूनच तो हातात घेतला, उलटसुलट करून पाहिला आणि म्हणाले, "लहान हाय अजून."

मग त्यांना आठवलं की लांब वायर घेतली तर शिंगवाला खिडकीत टांगता येईल, आणि ते वायर आणायला खाली पुतण्याच्या दुकानात गेले. मी आणि खानसाहेब दोघंच उरलो. मी पडद्यासमोर बसून, मशीन चालू होताना सिस्टीमची मागची जुनी आवृत्ती निवडता येते का, ते बघत होतो. खानसाहेबांनी खुर्ची जवळ ओढली आणि आवाज उतरवला.

"मियां, एक बात बोलूं? देशमुखकू नक्को बोलना."

"बोला ना."

"वो मशीन पूछता ना, अपडेट करूं क्या बोलके. मैं हौ बोल देता."

मला आधी कळलंच नाही. मी म्हणालो, "अहो, तसं केलं की डोंगल बंद पडतो. साडूभाऊंनी सांगितलं नाही का तुम्हाला, नाही म्हणायचं?"

"बोले ना. दस बार बोले." ते कुर्त्याची घडी नीट करत राहिले. "चल्या तो वो आतेच नै. उनकू काम होना. खालीपीली बैठनेकू वो आदमी आज तक किसके घर नै गया. बिगड्या तो आते, चाय पीते, दोपहर भर बैठते. इतवारकू."

माझे ते सगळे रविवार माझ्या डोळ्यांपुढून गेले, सिडको ते रोशनगेट, उन्हातले, धुळीतले. राग यायला हवा होता. आला नाही. मी एवढंच विचारलं, "आणि मी?"

"तुम भी आते," खानसाहेब म्हणाले. "अच्छा लगता."

जिन्यावर पावलं वाजली. मी मशीन जुन्या आवृत्तीवर चालू केलं होतं. साडूभाऊंनी शिंगवाला खिडकीच्या गजाला बांधला, टेबलाखाली शिरून वायर जोडली, आणि त्याचा हिरवा दिवा लुकलुकला. वायफाय आलं.

"काय केलं तुम्ही?" साडूभाऊंनी विचारलं.

"काही नाही. मागची जुनी सिस्टीम घेतली."

"म्हणजे जुनंच लागलं," ते म्हणाले आणि समाधानानं टेबलाखालून बाहेर आले. अपडेट विचारायचंच बंद करता येतं, ती एक खूण काढली की झालं, हे मला ठाऊक होतं. माझं बोट त्या खुणेपर्यंत गेलंही होतं. मी ती तशीच राहू दिली. पुतण्याच्या घरून शीरखुर्मा आला होता, तो आम्ही खाल्ला, आणि संध्याकाळ होईपर्यंत तिथंच बसलो.

त्यानंतरही पडदा काळा होत राहिला आणि आम्ही जात राहिलो. साडूभाऊंना मी आजतागायत काही सांगितलेलं नाही. मोठ्या ताईंना मात्र सांगितलं. त्यांनी भाजी निवडता निवडता ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "मला वाटलंच व्हतं. ह्यांना समजाया लई येळ लागतो."

पुढं खानसाहेब एकदा न्हाणीघरात पडले. हाड मोडलं नाही, पण मुलगी नांदेडहून आली आणि त्यांना आपल्याकडे न्यायचंच, यावर यावेळी तिनं त्यांचं काही ऐकलं नाही. चार माणसांनी त्यांना खुर्चीसकट जिन्यावरून खाली आणलं. साडूभाऊ आले होते. त्यांनी कॉम्प्युटर सोडवून खोक्यात भरला, वायरी गुंडाळल्या, शिंगवाला रुमालात बांधून घेतला. गाडी निघताना दोघं एकमेकांशी काय बोलले ते मी लक्ष देऊन ऐकलं. साडूभाऊ म्हणाले, "पोचल्यावर कळवा." खानसाहेब म्हणाले, "हौ." एवढंच.

नांदेडला मुलीकडे सगळं नवं आहे. नवा लॅपटॉप, जोरदार इंटरनेट, डोंगल नाही, वायर नाही. साडूभाऊंच्याही घरी त्यांच्या मुलानं नवं कनेक्शन घेऊन दिलं. पहिला कॉल लावायला मला बोलावलं होतं, पण लावण्यासारखं काही नव्हतंच. बटण दाबलं आणि खानसाहेब समोर आले, अगदी समोर, हात लावावा इतके. भुवईचा केस दिसत होता, चष्म्याच्या काचेवरचा डाग दिसत होता. आवाज घंटेसारखा. दोघं एकमेकांकडे बघत राहिले. आवाज येतोय का, हे विचारायचं कारण उरलं नव्हतं, आणि दुसरं काय विचारायचं ते कुणालाच सुचत नव्हतं.

शेवटी खानसाहेब म्हणाले, "देशमुख, तुम इतने बुड्ढे कब हुए?"

साडूभाऊंनी गालावरून हात फिरवला. "तुमचंबी तसंच दिसतंय," ते म्हणाले.

पुढं काही दिवस त्या दोघांना अवघड गेलं असावं. साडूभाऊ मला फोन करीनात. मी रविवारी घरी मोकळा बसायचो, पेपर दोनदा वाचायचो आणि बायको विचारायची की बरं नाही का वाटत. शेवटी एका रविवारी दुपारी मीच पुंडलिकनगरला गेलो. काम काही नव्हतं. दार लोटलेलं होतं. ताई आत आडव्या झाल्या होत्या. साडूभाऊ टेबलापाशी बसून कुठल्याशा रेडिओच्या पोटातली धूळ ब्रशनं काढत होते. समोर पडदा चालू होता, आणि पडद्यावर खानसाहेब आरामखुर्चीत, मान एका बाजूला कललेली, छातीवर उघडा उर्दू पेपर, तोंड जरासं उघडं. पेपर श्वासाबरोबर वरखाली होत होता. त्यांच्या खोलीतल्या पंख्याचा आवाजसुद्धा इकडे ऐकू येत होता.

मी म्हणालो, "काय साडूभाऊ..."

साडूभाऊंनी ओठांवर बोट ठेवलं. "हळू," ते म्हणाले. "आत्ताच डोळा लागलाय त्यांचा."

मग त्यांनी पायानं एक स्टूल माझ्याकडे सरकवलं. कशाला आलो हे त्यांनी विचारलं नाही, आणि मी बसलो.